गारेचा खडा आणि माझा चष्मा

माझं लग्न झालं तेव्हा लढाई चालू होती. रॉकेल मिळायची मारामार होती, साखरेला रांगा लागायच्या. पण माझ्या आईला त्यातल्या कशाचीच फिकीर नव्हती. तिच्या जिवाला एकच घोर लागला होता. पोरीच्या डोळ्यांचं सासरी कळलं तर काय होईल?

मला लांबचं दिसत नसे. किती दिसत नाही हे मलाही ठाऊक नव्हतं, कारण सगळ्यांनाच असं दिसतं असं मी धरून चालले होते. अंगणापलीकडचं माणूस म्हणजे माझ्या लेखी एक हलता रंग. तो जवळ आला, बोलला, की मग तो मामा आहे की सालगडी ते कळायचं. शाळेत चार यत्ता शिकले, पण फळ्यावरचं एक अक्षर कधी वाचलं नाही. शेजारच्या मुलीच्या पाटीवरून उतरवून घ्यायची. आईला मात्र सुगावा लागला होता, कारण सुईत दोरा ओवताना मी सुई पार नाकाला लावायची.

आमचं गाव शिराळ्याच्या बाजूचं. वडील लवकर गेले, लग्न मामानं जमवलं. पाठवणीच्या आदल्या दिवशी आईनं मला गोठ्यात नेलं आणि हळू आवाजात बजावलं, "तितं गेल्यावर काय बी डोळ्याजवळ न्यायचं न्हाई. सुई न्हाई, कागद न्हाई, निवडायचं धान्य न्हाई. हातानं चाचपून करायचं. कळलं का?"

"आणि त्यांना कळलं तर?"

"कळू द्यायचंच न्हाई," आई म्हणाली आणि पदर तोंडाला लावून बाहेर गेली.

सासर साताऱ्याला. सासऱ्यांना मी मामंजी म्हणायची. ते तिथल्या एका हायस्कुलात सायन्स शिकवत. सासूबाई म्हणजे आत्याबाई माण भागातल्या, दुष्काळात वाढलेल्या. पाणी, धान्य, सरपण, काहीही वाया गेलेलं त्यांना खपत नसे. त्यांचा आवाज ओट्यावरून निघाला की परसात कोंबड्या गप्प होत. माझे यजमान सांगलीजवळ माधवनगरच्या एका गिरणीत कारकून होते आणि सणावाराला तेवढे यायचे. म्हणजे घरात आम्ही तिघंच.

पहिले काही महिने मी आईनं सांगितलं तसं निभावलं. घागरीच्या जागा, पायऱ्या, चुलीपुढची लाकडं, सगळं पाठ करून टाकलं. कुणी लांबून काही विचारलं की मी "हो" म्हणायची. अडायचं ते तांदूळ निवडताना. भात आमच्याकडे सणाला किंवा उपास सोडायलाच व्हायचा. तांदूळ जावळी-महाबळेश्वरच्या बाजूनं यायचा आणि त्यात खळ्यावरचे खडे असत. काळे खडे हाताला लागायचे. पण पांढरे गारेचे, म्हणजे गारगोटीचे खडे तांदळाएवढेच, तांदळाच्याच रंगाचे. सूप डोळ्याजवळ नेलं असतं तर मला ते एकूण एक दिसले असते. मी ते मांडीवर ठेवून बोटांनी चाचपत राहायची.

श्रावणातल्या एका सोमवारी दिवेलागणीला मामंजी उपास सोडायला बसले. दुसऱ्याच घासाला कडकन आवाज आला. त्यांनी गालाला हात लावला, तोंडातून काहीतरी काढून ताटाच्या कडेला ठेवलं. आत्याबाई वाढायच्या थांबल्या. मामंजींच्या दाढेचा टवका उडाला होता.

"तांदूळ कुणी निवडलं?" आत्याबाईंनी विचारलं. त्यांना ठाऊकच होतं कुणी निवडले ते.

मामंजी मात्र रागावले नाहीत. त्यांनी चूळ भरली, तो खडा धुतला आणि दिव्यापाशी नेऊन निरखत बसले. "गार आहे," ते म्हणाले, जसं काही बाजारातून आणलेल्या वस्तूबद्दल बोलावं. "चांगली स्वच्छ गार आहे."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात भाजी चिरत होते. मामंजी सोप्यात खिडकीशी बसले होते. त्यांच्या एका हातात फुटक्या तावदानाचा तुकडा आणि दुसऱ्या हातात तो खडा असावा. मला दिसत होतं ते एवढंच की खिडकीच्या उजेडात काहीतरी चमकतंय.

"सूनबाई," ते म्हणाले, "गार काचेपेक्षा टणक असते. या एवढ्याशा खड्यानं काचेवर केवढी रेघ ओढता येते बघ. दिसते ना तिथून?"

"हो मामंजी, दिसते की."

"केवढी आहे?"

"चांगली मोठी आहे. वरपासून खालपर्यंत."

त्यांनी काच खाली ठेवली. मग उठून माझ्यापाशी आले आणि उकिडवे बसले. "पोरी," ते अगदी हळू म्हणाले, "रेघ मी अजून ओढलीच नाही."

माझ्या हातातली भाजी विळीवर तशीच राहिली. मग एकदम रडू फुटलं आणि तोंडातून निघालं, "मला परत पाठवू नका."

आत्याबाई परसातून आल्या, दारातच उभ्या राहिल्या. मामंजींनी त्यांना सांगितलं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं असेल, मला दिसलं नाही. मला फक्त त्यांचं हिरवं लुगडं दिसत होतं आणि ते हलत नव्हतं.

"म्हंजी हिच्या आईला ठावं व्हतं," त्या म्हणाल्या. "ठावं असून आमाला अंधारात ठेवलं."

"अंधारात आपण नव्हतो," मामंजी म्हणाले. "पोर होती."

त्या दिवशी आत्याबाईंनी माझ्याशी एक शब्दही काढला नाही. दुपारी मी सूप घेऊन बसले तर त्यांनी ते माझ्या हातातून काढून घेतलं. आता आपलं इथलं दाणापाणी संपलं, असं मला वाटलं.

संध्याकाळी मामंजींनी माळ्यावरून एक लाकडी पेटी खाली काढली. तिच्यात कप्पे होते आणि कप्प्याकप्प्यांत दगड. सह्याद्रीत हिंडून त्यांनी ते वर्षानुवर्षं जमवले होते. त्यांनी एक दगड माझ्या तळहातावर ठेवला. "डोळ्याजवळ ने. लाजू नकोस. हवा तेवढा जवळ ने."

आईनं बजावल्यापासून मी एकही वस्तू डोळ्यांपाशी नेली नव्हती. तो दगड मी नाकाशी धरला आणि बघतच राहिले. कारण जवळचं मला फार छान दिसायचं, चारचौघांहून बारीक दिसायचं. आत पाण्यासारखं स्वच्छ, सहा कडांचं, वर टोक निघालेलं. हा स्फटिक, मामंजी म्हणाले. दुसरा बाहेरून बटाट्यासारखा ओबडधोबड, पण मधोमध फोडलेला. आत एकात एक वळी, करडी, पांढरी, मधाच्या रंगाची. हा अकीक. तिसरी साधी गारगोटी, पोरं खेळतात तसली. चौथा काळपट, धारेचा. चकमकीचा दगड. त्याच्यावर पोलाद आपटून त्यांचे आजोबा कापसावर ठिणगी पाडायचे.

"हे सगळं एकच आहे," मामंजी म्हणाले. "इंग्रजीत सिलिका म्हणतात. जुन्या लॅटिन भाषेत चकमकीच्या दगडाचं जे नाव होतं त्यावरून आलेला शब्द. आपण वालुका म्हणू. कृष्णेची वाळू घे, तीही बहुतेक हीच."

"आणि हे वेगळे का दिसतात?"

मी प्रश्न विचारला याचंच मला नवल वाटलं. मामंजींना आनंद झाला. त्यांनी सांगितलं की आपल्या डोंगरांचा काळा फत्तर एके काळी उकळता रस होता. तो थंड होताना त्यात बुडबुडे राहून गेले. त्या पोकळ्यांत पाणी झिरपत राहिलं आणि पाण्यात विरघळलेली वालुका थरावर थर बसत गेली. घाई न होता, ऐसपैस जागेत बसली तर स्फटिक. दाटीवाटीनं, बारीक बारीक थरांनी बसली तर अकीक. काळ्या फत्तरातसुद्धा जवळजवळ निम्मी तीच असते, पण इतर द्रव्यांशी बांधलेली, म्हणून ओळखू येत नाही.

आत्याबाई चुलीपाशी होत्या. ऐकत नाही असं दाखवत होत्या, पण भाकरी थापायचा आवाज थांबला होता.

"झाडापेरातसुद्धा असते," मामंजी मुद्दाम मोठ्यानं म्हणाले. "उसाचं पान हाताला का कापतं? त्याच्या कडेला वालुका असते. भाताच्या तुसात तर भरपूर. तूस जाळून जी राख उरते ती बहुतेक वालुकाच. आपली राखुंडी."

"म्हंजी मी दाताला दगूड घासते व्हय?" आत्याबाईंना राहवलं नाही.

"अगदी मऊ दगड," मामंजी म्हणाले आणि हसले, आणि हसताना दाढ दुखली म्हणून गाल धरला. आत्याबाईही हसल्या. मी त्या घरात आल्यापासून त्यांना हसताना पहिल्यांदा ऐकलं.

मग ते म्हणाले, "सूनबाईच्या हातातला चुडाही वालुकेचाच. वाळूत सोडा आणि चुना घालून भट्टीत वितळवली की काच होते. तशीच काच घासून तिच्या डोळ्यांवर बसवायची. आपण हिला मिरजेला डोळ्यांच्या डॉक्टरकडे न्यायचं."

"डोळ्यांवर?" आत्याबाईंचं हसू गेलं. "तरण्या सुनंनं चष्मा लावून पाण्याला जायचं? लोक काय म्हणतील?"

"तू येणार आहेस बरोबर," मामंजी म्हणाले. तेवढ्यावर ते बोलणं संपलं.

दिवाळीच्या सुट्टीत आम्ही तिघं सातारा रोडला गाडीत बसलो. डबा खचाखच भरलेला. मामंजींना उभं राहावं लागलं, आम्हां दोघींना खिडकीशी जागा मिळाली. कराडच्या अलीकडे-पलीकडे कुठंतरी त्यांनी वाकून सांगितलं की इथं कंदिलाच्या काचा करणारा कारखाना आहे, ते बघ धुराडं. मला धुराडं दिसलं नाही. आत्याबाईंना दिसलं. त्यांनी माझ्याकडे वळून विचारलं, "तुला खरंच दिसत न्हाई?"

"नाही आत्याबाई."

"मग मला वळखतीस कशी?"

"आवाजावरून. आणि लुगड्याच्या रंगावरून."

"म्हंजी माझं तोंड न्हाई बघितलंस तू अजून?"

मी मान खाली घातली. जवळून बघायची संधी पाया पडताना यायची, पण तेव्हा मान वर करायची हिंमत नव्हती. "नीट नाही बघितलं," मी म्हणाले.

आत्याबाई खिडकीबाहेर बघत राहिल्या. किर्लोस्करवाडी आली. मग गाठोड्यातलं धपाटं काढून त्यांनी माझ्या हातावर ठेवला आणि बोटं मिटवून दिली, आंधळ्या माणसाच्या हातात द्यावं तशी. मला त्याचा राग आला नाही. त्या हातात माया होती.

मिरजेला डॉक्टरांनी डोळ्यांत औषध घातलं, एकामागून एक काचा लावून पाहिल्या. नंबर मोठा निघाला. सांगलीच्या चष्मेवाल्यानं चिठ्ठी बघून डोकं खाजवलं. लढाईमुळं परदेशी काच येत नाही, असेल त्यातूनच घासून करावी लागेल, वेळ लागेल, असं त्यानं सांगितलं. मामंजींची शाळा सुरू होणार होती. ते परत गेले. आम्ही दोघी यजमानांच्या माधवनगरच्या खोलीवर राहिलो. आत्याबाईंना तिथं करमत नसे. गिरणीचा भोंगा वाजला की त्या दचकायच्या. पण परत जाऊ या असं त्या एकदाही म्हणाल्या नाहीत. भाजी आणायला त्या मला बरोबर नेत आणि रस्त्यात सांगत चालत, "म्होरं खड्डा हाय... डावीकडं बैल हाय... त्यो सायकलवाला येडा हाय."

शेवटी चष्मा आला. लोखंडी तारेची काडी, बाटलीच्या बुडासारख्या जाड काचा. दुकानदारानं तो माझ्या कानांवर अडकवला. माझ्यासमोर बाकावर आत्याबाई बसल्या होत्या.

मी त्यांना पाहिलं. वय झालेला, उन्हानं रापलेला, बारीक चेहरा. हनुवटीवर गोंदणाचे तीन ठिपके. डोळ्यांखाली सुरकुत्या. मोठ्या आवाजाची बाई म्हणून मी मनात कोण दांडगी मूर्ती धरली होती, आणि समोर ही एवढीशी, थोडी घाबरलेली बाई. माझ्याकडेच टक लावून बघत होती.

"काय दिसतंय?" त्यांनी विचारलं.

"तुम्ही."

"कशी हाय मी?"

"छान आहात."

"खोटं बोलू नगं," त्या म्हणाल्या, पण त्यांनी पदर डोळ्यांना लावला. दुकानदार तोंड फिरवून दुसऱ्याच चष्म्याची काच पुसायला लागला.

तिथून आम्ही कृष्णेच्या घाटावर गेलो, कारण आत्याबाईंना नदीला हळदीकुंकू वाहायचं होतं. त्या वाहत असताना मी पायऱ्या उतरून वाळूत गेले. पायाखालची वाळू मी उभ्यानं बघत होते. न वाकता. कण न् कण वेगळा. काही काळे, काही तांबूस, आणि मधूनमधून काचेसारखे लखलखणारे. पलीकडच्या काठावर एक बाई कपडे धूत होती आणि तिचा हात वर जाऊन खाली आल्यावर आवाज मागाहून येत होता. असं असतं हे मला माहीतच नव्हतं. मी कितीतरी वेळ तिचा हात आणि तो आवाज जुळवत राहिले. आत्याबाईंनी हाक मारली नाही. पायरीवर बसून वाट बघत राहिल्या.

संध्याकाळी गिरणी सुटली तेव्हा आम्ही फाटकासमोरच्या लिंबाखाली उभ्या होतो. माणसांचा लोंढा बाहेर पडला. एरवी मी यजमानांना चालीवरून ओळखायची, डावा खांदा जरा पाडून चालायचे ते. त्या दिवशी मी त्यांना तोंडावरून ओळखलं, सगळ्यांच्या मागे, सोबत्याशी काहीतरी बोलत येत होते. बोलताना त्यांच्या भुवया वर जायच्या हेही तेव्हाच कळलं. त्यांनी आमच्याकडे बघितलं, माझ्या तोंडावरचं ते जाड काचांचं प्रकरण बघितलं, आणि रस्त्यातच थांबले. मग आले आणि आईसमोर काही बोलता येईना म्हणून एवढंच म्हणाले, "ऊन लागत नाही ना?" मी हसले. ऊन केव्हाच उतरलं होतं.

साताऱ्याला परत आल्यावर व्हायचं ते झालंच. पाण्यावर बायका थांबून बघायच्या. एकीनं आत्याबाईंना ऐकू जाईल असं विचारलं, "आवं, सून काय मास्तरीण हाय का काय?" आत्याबाईंनी घागर खाली ठेवली. "अजून न्हाई," त्या म्हणाल्या, "पर व्हईल."

हे त्यांनी रागाच्या भरात म्हटलं होतं. पण मामंजींच्या कानावर ते गेलं आणि त्यांनी तो शब्द धरून ठेवला. ते मला रोज दुपारी शिकवू लागले. एका रविवारी त्यांनी मला त्यांच्या रिकाम्या शाळेत नेलं आणि सूक्ष्मदर्शकाखाली तळ्यातल्या शेवाळाचं थेंबभर पाणी ठेवलं. चष्मा काढायला लावला. स्क्रू फिरवला की त्या यंत्राला माझ्या डोळ्यांची काही अडचण नव्हती. थेंबात होडीच्या आकाराच्या इवल्या डब्या तरंगत होत्या, त्यांच्यावर सुबक रेघा. ह्या पाण्यातल्या वनस्पती, मामंजी म्हणाले, आणि त्यांचं कवच वालुकेचं. पाण्यातून वालुका घेऊन स्वतःला काचेचं घर बांधतात. मी विचारलं, त्यांना कोण शिकवतं? ते म्हणाले, "हे मला माहीत नाही." सायन्सच्या मास्तरानं इतक्या सहज "माहीत नाही" म्हणावं, याचा मला तेव्हा फार आधार वाटला. आपणही शिकू शकू असं वाटायला लागलं ते तेव्हापासून.

संक्रांतीच्या आधी आई आली. मामाच्या कानावर चष्म्याची बातमी गेली होती आणि आईनं त्याचा अर्थ एकच काढला होता, की पोरीला आता परत पाठवणार. मी ओट्यावर तीळ निवडत होते. गल्लीच्या टोकाला एक बाई वळली, काखेत बोचकं, पाय ओढत येणारी, भिंतीच्या कडेकडेनं. मी ओळखलं आणि तिथूनच ओरडले, "आई!"

ती जागच्या जागी थबकली. एवढ्या लांबून मी तिला कधी हाक मारली नव्हती. तिनं माझ्याकडे बघितलं, बोचकं खाली ठेवलं आणि गल्लीतच मटकन बसली. मी धावले. ती माझ्या तोंडावरून, काचांवरून, गालांवरून हात फिरवत रडत होती. "मी तुला असंच ठेवलं व्हतं गं," एवढंच म्हणत होती.

आत्याबाई बाहेर आल्या. आईनं डोक्यावरचा पदर पुढं ओढला आणि हात जोडले.

"ईनबाई, गल्लीत काय बसलाय?" आत्याबाई म्हणाल्या. "उठा. च्या ठेवलाय."

आत आल्यावर आईनं चहाला हात लावला नाही. म्हणाली, "मी तुमास्नी फसवलं."

"व्हय," आत्याबाई म्हणाल्या. "मला लय राग आला व्हता, खोटं कशाला बोलू. तुमी सांगितलं असतं तर आमी ही पोरगी केली नसती." त्यांनी कप आईच्या हाताजवळ सरकवला. "आन् मग नुकसान आमचंच झालं असतं. प्या आता, गार व्हतोय."

आई संक्रांत करूनच गेली. त्या दोघी दुपारी ओट्यावर बसून बोलत. माणचा दुष्काळ, शिराळ्याचे नाग, कोणाच्या म्हशीनं काय केलं. मी आत अभ्यासाचं पुस्तक घेऊन बसलेली असे. पुढं स्वातंत्र्य आलं, मी ट्रेनिंगला सांगलीला गेले, मुलींना शिकवू लागले, चष्मे बदलत राहिले. पण आयुष्यात कधी कुणी मला विचारलं की तुमच्या घरात सगळ्यात मोठं मन कुणाचं, तर मला मामंजींचं नाव आधी घ्यावंसं वाटतं, आणि घेता घेता आत्याबाईंचं तोंडात येतं.